स्टे मिळेल का, हे विचारण्याआधी राजपत्राची तारीख बघा

करवीर तालुक्यातल्या एका तरुण शेतकऱ्याने विचारले आहे. घरची जमीन 1 एकर 14 गुंठे, सगळी उसाखाली. त्यातले 22 गुंठे रेल्वेमार्गासाठी जाणार असे राजपत्रात आले आहे. हातात नोटीस कुणी दिली नाही. गावातल्या कुणीतरी पेपरातले कात्रण व्हॉट्सॲपवर टाकले तेव्हा कळले. आजोबा म्हणतात एक गुंठाही सोडायचा नाही. चुलते म्हणतात चौपट मिळत असेल तर देऊन मोकळे होऊ. आणि हा विचारतो, "हायकोर्टातून स्टे आणता येईल का?"

गेली सत्तावीस वर्षे मी कोल्हापुरात भूसंपादनाची कामे करतो. पहिल्या भेटीत दहातले नऊ पक्षकार हाच शब्द घेऊन येतात: स्टे, म्हणजे न्यायालयाची स्थगिती. मी विचारतो, राजपत्र कोणत्या तारखेचे? ते माहीत नसते. कोणत्या कायद्याखाली? तेही माहीत नसते. खरे तर या दोन गोष्टींवरच पुढचा सगळा खेळ आहे. या भावाने राजपत्राची दोन पाने सोबत पाठवली, हे फार बरे केले.

पानाच्या डोक्यावर रेल्वे अधिनियम 1989, कलम 20-ए असे आहे. जमीन घ्यायचा इरादा जाहीर करणारी ही पहिली अधिसूचना. रेल्वेचा कायदा, म्हणजे 2013 चा जो नवा भूसंपादन कायदा सगळ्यांच्या तोंडी असतो, तो इथे पूर्ण लागू होत नाही. त्या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत 13 कायदे बाजूला काढून ठेवले आहेत. रेल्वे, राष्ट्रीय महामार्ग आणि मेट्रो त्यात येतात. या कायद्यांखाली जमीन घेताना सामाजिक परिणामांचा अभ्यास लागत नाही. 70 किंवा 80 टक्के लोकांच्या संमतीची जी अट गावसभेत ऐकू येते, तीही लागत नाही. ती खासगी भागीदारीच्या आणि खासगी कंपन्यांच्या प्रकल्पांसाठी आहे. मोबदल्याचे नियम मात्र 1 जानेवारी 2015 पासून 2013 च्या कायद्याचेच. सोप्या भाषेत सांगायचे तर जमीन घेण्याची रीत जुन्या वळणाची आणि पैसे मोजण्याची रीत नवी.

मुदतीही कायद्यागणिक बदलतात. राष्ट्रीय महामार्ग कायद्याच्या कलम थ्री-ए खालच्या अशाच अधिसूचनेवर हरकतीला 21 दिवस. रेल्वेच्या 20-ए वर 30 दिवस. 2013 च्या कायद्याच्या कलम 11 वर 60 दिवस. शेजारच्या तालुक्यातल्या पाव्हण्याला साठ दिवस मिळाले म्हणून आपल्यालाही मिळतील, या समजुतीवर बुडालेली प्रकरणे मी मोजणे सोडून दिले आहे. आणि हे दिवस राजपत्रातल्या प्रसिद्धीपासून धरतात, तुम्हाला कळल्यापासून नाही. "आम्हाला नोटीसच आली नाही" हा मुद्दा या टप्प्यावर चालत नाही, कारण कायद्याने दोन स्थानिक वर्तमानपत्रांत, त्यातले एक स्थानिक भाषेतले, सारांश छापला की काम भागते. तुमचे राजपत्र प्रसिद्ध होऊन 11 दिवस झालेत. 19 उरलेत.

आता स्टेचे बघू.

गावातला कुणी दिवाणी दावा लावून मनाई हुकूम आणू म्हणाला तर त्याला चहा पाजा आणि वाटेला लावा. 2013 च्या कायद्याखालच्या संपादनात कलम 63 दिवाणी न्यायालयाला पडूच देत नाही. शिवाय 2018 च्या दुरुस्तीपासून विशिष्ट अनुतोष अधिनियमात अशी तरतूद आली आहे की पायाभूत प्रकल्पाचे काम अडेल किंवा लांबेल असा मनाई हुकूम देता येत नाही. त्या प्रकल्पांच्या यादीत रस्ते आहेत, रेल्वे आहे, विमानतळही आहेत. उरते ते उच्च न्यायालय, राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली. त्यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही. 18 ऑगस्ट 2025 पासून सर्किट बेंच कोल्हापुरात बसते आणि सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गसह आपल्या जिल्ह्याची प्रकरणे इथेच चालतात. महालक्ष्मी एक्स्प्रेसने रात्रभर फायली उशाला घेऊन जायचे आणि तारीख पडली की त्याच गाडीने परतायचे, हे पंचवीस वर्षे केलेल्या माणसाला याचे मोल विचारा. पण न्यायालय जवळ आले म्हणून कायदा सैल झालेला नाही.

सार्वजनिक वाहतुकीच्या प्रकल्पाला उच्च न्यायालय सहसा थांबवत नाही. बुलेट ट्रेनसाठी मुंबईत विक्रोळीची गोदरेज अँड बॉईसची जमीन घेतली गेली. मोबदला 264 कोटींचा, वकिलांची फौज देशातली उत्तम. फेब्रुवारी 2023 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने याचिका फेटाळली आणि त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही हात घालायला नकार दिला. राष्ट्रीय महत्त्वाचा प्रकल्प आणि एकाचे खासगी हित, यात पारडे कुठे झुकते ते तिथे स्पष्ट झाले. मग आपले 22 गुंठे कुठे बसतात, याचा विचार करा.

"रूळ आमच्यातूनच का? पलीकडे पडीक माळ आहे की!" हा आजोबांचा सवाल अगदी रास्त आहे, पण न्यायालयात तो टिकत नाही. मार्ग कुठून जावा हे तज्ज्ञ यंत्रणेने ठरवायचे, न्यायाधीशांनी नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने मंगळूरच्या महामार्ग प्रकरणात 2011 साली स्पष्ट सांगितले आहे. पर्यावरण परवानगी आधी घेतली नाही म्हणून अधिसूचना रद्द करा, हाही मुद्दा चेन्नई–सेलम रस्त्याच्या 2020 च्या निकालानंतर बोथट झाला. परवानगी प्रत्यक्ष काम सुरू करण्याआधी लागते, अधिसूचनेआधी नाही, असे त्यात ठरले. बागायत जमीन, आईवडिलांची आठवण, तीन पिढ्यांचा घाम, हे सगळे खरे असते. न्यायाधीश ऐकतातही. पण हुकूम त्यावर निघत नाही.

मग काय टिकते? कार्यपद्धतीतली चूक. मे 2024 मध्ये कोलकाता महानगरपालिकेच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अनुच्छेद 300-अ मधल्या मालमत्तेच्या हक्काचे सात पदर उलगडून दाखवले. नोटीस मिळणे, म्हणणे ऐकून घेणे, कारणांसह निर्णय, खरोखरीचे सार्वजनिक प्रयोजन, योग्य मोबदला, ठरल्या वेळेत आणि कार्यक्षमतेने काम, आणि प्रक्रिया शेवटास नेणे. 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढला म्हणून तो पोकळ झाला, असे समजणाऱ्या अधिकाऱ्यांना हा निकाल दाखवायला मला आवडते. यातला तिसरा पदर, कारणांसह निर्णय, आपल्याकडे हमखास मोडला जातो. माझ्या एका प्रकरणात 43 शेतकऱ्यांच्या 43 वेगवेगळ्या हरकती एकाच सायक्लोस्टाईल वाक्याने फेटाळल्या होत्या: "प्रकल्प लोकहिताचा असल्याने हरकत अमान्य." एकाची विहीर, दुसऱ्याचे घर, तिसऱ्याचा गटच चुकलेला, सगळ्यांना तेच वाक्य. तो हुकूम उच्च न्यायालयात टिकला नाही. फेरसुनावणी झाली, चुकलेला गट वगळला गेला. बाकी 42 जणांची जमीन गेलीच, हेही सांगतो.

दुसरा टिकणारा मुद्दा म्हणजे जमिनीचे वर्णन. 2005 साली बंगालमधल्या एका ज्यूट गिरणीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने महामार्गाची अधिसूचना दोषी ठरवली, कारण नेमकी कोणती जमीन जाते ते कळायला नकाशाच उपलब्ध नव्हता. गिरणी जिंकली. पण तोवर रस्ता होऊन गेला होता. न्यायालयाने जमीन परत दिली नाही. मोबदल्याचा भाव ताबा घेतल्याच्या दिवसाचा धरायला सांगितले, इतकेच. हा निकाल मी प्रत्येक नव्या पक्षकाराला गोष्टीसारखा सांगतो. याचिका जिंकली तरी हाती बऱ्याचदा वाढीव पैसेच येतात, आणि उशीर केला तर तेही नाही. रुळाची खडी पडल्यावर कोणी न्यायाधीश ती उचलायला सांगत नाही.

तिसरा मुद्दा मुदतीचा, यावेळी सरकारच्या मुदतीचा. 20-ए च्या अधिसूचनेनंतर वर्षभरात कलम 20-ई ची, म्हणजे जमीन घेतल्याची पक्की घोषणा झाली नाही तर अधिसूचना आपोआप गळून पडते. महामार्गात थ्री-ए ते थ्री-डी तसेच. पण स्टे असलेला काळ त्या वर्षातून वजा होतो. म्हणजे उगाच स्टे घेतलात तर सरकारचेच घड्याळ थांबवून देता! असे करणारे वकील मी पाहिले आहेत. पक्षकाराला विजय वाटतो. आणि एकदा 20-ई ची घोषणा निघाली की जमीन केंद्र सरकारची होते, पैसे मिळोत न मिळोत. सातबाऱ्यावर तुमचे नाव दिसत राहील, पण मालकी गेलेली असते.

याच्या उलट, जमीन वाचू शकते याचे उदाहरण म्हणून लोक शक्तिपीठ महामार्गाचे नाव घेतात. ऑक्टोबर 2024 मध्ये सरकारने कोल्हापूर जिल्ह्यापुरती भूसंपादनाची अधिसूचना मागे घेतली, हे खरे. पण ते बिंदू चौकातले, दसरा चौकातले मोर्चे आणि तोंडावर आलेली निवडणूक यांचे काम होते. कोर्टाच्या कागदाने ते झाले नाही. आणि जून 2025 मध्ये मंत्रिमंडळाने त्या प्रकल्पाच्या आखणी व भूसंपादनासाठी पुन्हा मंजुरी दिलीच. आंदोलन करायचे तर जरूर करा, त्याची ताकद कमी नाही. पण आंदोलन चालू आहे म्हणून हरकतीचा अर्ज द्यायचा राहून गेला, असे होऊ देऊ नका. हरकत दिली म्हणजे जमीन द्यायला संमती दिली, असा एक गैरसमज गावोगाव पसरवला जातो. तो साफ खोटा आहे.

हरकत काय लिहायची, इथे मी थोडा जास्त वेळ घेतो, कारण खरी कमाई इथे होते. "आमची जमीन घेऊ नये" एवढेच लिहिलेला अर्ज म्हणजे वाया गेलेला कागद. पहिली ओळ ती असू द्या, पण पुढे मुद्देसूद मागा. हा प्रकल्प 'विशेष रेल्वे प्रकल्प' म्हणून जाहीर झाल्याची अधिसूचना मागा. मार्गाचा नकाशा मागा. गट नंबर आणि क्षेत्र सातबाऱ्याशी, आठ-अ शी, गावनकाशाशी जुळते का ते तपासा. पोटहिस्से पडलेल्या गटांत इथे सर्वात जास्त घोळ असतात. प्रत्यक्ष सुनावणी हवी आणि वकिलामार्फत हवी, असे स्पष्ट लिहा. तो तुमचा हक्क कायद्यातच आहे.

मग तुमच्या शेताची गोष्ट लिहा. 54 गुंठ्यांतले 22 गुंठे मधोमध गेले की उरलेल्या 32 चे दोन तुकडे होणार. विहीर एका बाजूला, ऊस दुसऱ्या बाजूला. पाणीपुरवठा संस्थेची पाईपलाईन रुळाखालून जाणार की तुटणार? बैलगाडी, ट्रॅक्टर, तोडणीच्या हंगामात कारखान्याचा ट्रक पलीकडे कसा जाणार? रेल्वे अधिनियमाचे कलम 16 फार थोड्या लोकांना माहीत आहे. रुळालगतच्या जमीनमालकांसाठी आवश्यक ती वाट, पूल, मोऱ्या, नाले रेल्वेने बांधून द्यायचे आणि राखायचे, असे ते सांगते. पण त्याऐवजी भरपाई घेतली की नंतर ते काम मागता येत नाही, आणि मार्ग वाहतुकीला खुला होऊन दहा वर्षे झाली की वाढीव कामे करून देण्याचे बंधन रेल्वेवर राहत नाही. म्हणून ते आत्ताच, आराखडा कागदावर असताना, हरकतीत आणायचे. माझ्या अनुभवात मार्ग बदला म्हणणारी हरकत शंभरात एखादी मान्य होते. भुयारी वाट शंभर मीटर सरकवा, मोरी रुंद करा, पाईपलाईनसाठी आधीच कप्पा ठेवा, अशा मागण्या मात्र वरचेवर मान्य होतात, कारण अभियंत्यालाही नंतरची कटकट नको असते.

आणि पाणी. 2019 चा महापूर, 2021 चा महापूर, त्याआधी 2005. पंचगंगेच्या काठच्या गावांना सांगायची गरज नाही. रुळासाठी किंवा रस्त्यासाठी चार-पाच मीटरचा भराव टाकला आणि मोऱ्या अपुऱ्या ठेवल्या की वरच्या अंगाला पाणी तुंबते. पुराच्या पातळीच्या खुणा, त्या वेळचे पंचनामे, फोटो, ग्रामपंचायतीचा ठराव, सगळे हरकतीला जोडा. हा भावनेचा मुद्दा नाही, मोजता येणारा आहे, आणि असा मुद्दा उत्तर न देता फेटाळला तर उच्च न्यायालयात उभे राहायला पायाखाली जमीन मिळते.

आता चुलत्यांच्या चौपटीकडे येऊ. चौपट ही सरकारची मेहेरबानी नाही, तो हिशोब आहे. बाजारभाव, त्याला ग्रामीण भागासाठीचा गुणांक, त्यावर 100 टक्के दिलासा रक्कम. गुंठ्याचा भाव 1 लाख धरला आणि गुणांक 2 असेल तर 2 लाख, त्याची दुप्पट 4 लाख. गुणांक 1 असेल तर 2 लाखांवरच थांबले. 2021 मध्ये राज्याने महामार्गांसाठी ग्रामीण भागातला गुणांक 2 वरून 1 वर आणला. रत्नागिरी–नागपूर महामार्गावर चोकाक ते अंकली पट्ट्यातले शेतकरी चौपटीसाठी अडून बसले ते त्यामुळेच. अलीकडच्या-पलीकडच्या गावांना एक हिशोब आणि यांना दुसरा. तुमचा निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा हुकूम, निघेल तेव्हा त्यात कोणता गुणांक धरला आहे ते आधी बघा. त्याशिवाय बाजारभावावर वर्षाला 12 टक्के वेगळे असतात, ते काही निवाड्यांत चक्क विसरले जातात. राष्ट्रीय महामार्गात दिलासा रक्कम देत नसत, 1997 च्या दुरुस्तीने ती बंद केली होती. तरसेम सिंग प्रकरणात 2019 साली सर्वोच्च न्यायालयाने तो भेदभाव घटनाबाह्य ठरवला.

पण गुणांकापेक्षा मोठा घोळ मूळ बाजारभावात असतो. भाव काढतात तो मागच्या तीन वर्षांच्या खरेदीखतांवरून; त्यातली जास्त दराची निम्मी खते घेऊन सरासरी. आता आपल्या गावचे व्यवहार आठवा. गुंठा चार लाखांना विकला, खत केले रेडीरेकनरच्या नव्वद हजारांना, बाकीचे पिशवीतून. वर्षानुवर्षे सगळ्या गावाने मुद्रांक शुल्क वाचवले आणि ते एका निवाड्यात सव्याज परत गेले. याला माझ्याकडे उपाय नाही. जी काही खरी खते आहेत, बँकेने मूल्यांकन करून कर्ज दिलेले व्यवहार आहेत, शेजारच्या गावातली बिगरशेती प्लॉटची खते आहेत, ती दुय्यम निबंधकाकडून नकला काढून लवादापुढे ठेवा.

लवाद हा शब्द ऐकून घाबरू नका. रेल्वे आणि महामार्गात निवाड्याविरुद्ध थेट न्यायालयात जाता येत नाही. केंद्र सरकारने नेमलेल्या लवादाकडे जावे लागते, आणि तो बहुधा महसूल खात्यातलाच वरिष्ठ अधिकारी असतो. म्हणजे मामाच्या निवाड्यावर काकांकडे अपील, असे आमच्या बार रूममध्ये म्हणतात. त्यानंतर लवाद कायद्याच्या कलम 34 खाली तीन महिन्यांत जिल्हा न्यायालय, फार तर आणखी 30 दिवस. तिथे एक मोठी अडचण आहे. 2021 च्या हकीम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की न्यायालय लवादाचा निवाडा रद्द करू शकते, रक्कम स्वतः वाढवून देऊ शकत नाही. एप्रिल 2025 मध्ये घटनापीठाने मर्यादित फेरफाराचा अधिकार मान्य केला, पण तो मर्यादितच आहे. तेव्हा पुरावा जो काही आहे तो लवादापुढेच ओतायचा. "जिल्हा कोर्टात दाखवू" म्हणून राखून ठेवलेले खत कामाला येत नाही.

पैसे घेताना पावतीवर "हरकत राखून" असे स्वतःच्या हाताने लिहा. 2013 च्या कायद्याखालच्या संपादनात, म्हणजे धरण, एमआयडीसी किंवा एसटी स्टँडसारख्या कामात, हे दोन शब्द लिहायचे राहिले की वाढीव मोबदल्याचा अर्जच करता येत नाही. रेल्वेत कायद्याचा शब्द वेगळा असला तरी सवय तीच ठेवा. माझ्या एका पक्षकाराने कोतवालाने पुढे केलेल्या छापील पावतीवर सही केली, का तर "साहेब म्हणाले लवकर करा, पुढच्याचा नंबर आहे." त्याच्या भावाने ते दोन शब्द लिहिले होते. एकाच गटातल्या त्या दोन भावांना मिळालेल्या रकमेत आज जो फरक आहे, त्यावरून ते एकमेकांच्या दारात जात नाहीत.

घरातल्या वाटणीचेही आत्ताच बघा. आजोबांच्या नावावर जमीन, वडील-चुलते दोघे, आत्या तीन. सगळ्यांचे एकमत नसेल तर हिश्श्याचा वाद दिवाणी न्यायालयाकडे जातो आणि रक्कम तिथे पडून राहते. आत्यांना "सही कर गं" म्हणून हक्कसोडपत्र करून घेण्यापेक्षा त्यांचा हिस्सा मोजून द्या. स्वस्त पडते. खरेच.

तर दादा, सोमवारी काय करायचे ते सांगतो. सातबारा, आठ-अ, गावनकाशा आणि पोटहिस्सा असेल तर त्याचे टिपण काढा. हरकत तीन प्रतींत लिहून राजपत्रात ज्या सक्षम अधिकाऱ्याचे पद छापले आहे त्याच्याच कार्यालयात द्या. तलाठ्याकडे दिलेली हरकत हरकत नव्हे. एका प्रतीवर आवक क्रमांक आणि तारखेसह शिक्का घ्या, आणि एक प्रत स्पीड पोस्टानेही पाठवा. आजोबांचे म्हणणे पहिल्या परिच्छेदात लिहा, चुलत्यांचे शेवटच्या. संयुक्त मोजणीला माणसे येतील त्या दिवशी घरातल्या कुणीतरी कामधंदा सोडून बांधावर हजर राहा. विहीर, बोअर, पाईपलाईन, गोठा, आंब्याची झाडे, गुऱ्हाळाचे शेड असेल तर तेही, एकेक मोजणीच्या पत्रकात चढवून घेतल्याशिवाय सही करू नका. गेल्या वर्षी एकाची साठ फूट विहीर पत्रकात "खड्डा" म्हणून लागली. ती पुन्हा विहीर करायला आम्हाला चौदा महिने लागले.